बाटलीताई आणि तळाचा ढग

एकावन्नाव्या वर्षी परीक्षेला निघालेली बाई कशी दिसते, ते बघायचं असेल तर त्या दिवशी सकाळी बाटलीताईच्या स्वयंपाकघरात डोकवायला हवं होतं. एका हातात उलथणं, दुसऱ्या हातात सुनेनं लिहून दिलेला कागद, आणि तव्यावर काय जळतंय याचा पत्ताच नाही.

"आई, व्याख्या म्हणा," सूनबाईनं गॅस बंद करत फर्मावलं. ती शाळेत शिकवते, त्यामुळे सासू आणि चौथीचा वर्ग यांत तिला फारसा फरक वाटत नाही.

"ठरावीक परिस्थितीत तेल थंड करत नेलं असता, ज्या तापमानाला त्यात... त्यात..."

"मेणाच्या."

"मला येत होतं! मेणाच्या स्फटिकांचा ढग प्रथम दिसू लागतो, ते तापमान म्हणजे त्या तेलाचा क्लाउड पॉइंट. झालं?"

"मधे थांबू नका. परीक्षकाला वाटेल विसरलात."

"मग काय श्वास पण घेऊ नको?"

नवरोबा पेपराआडून म्हणाले, "थर्मामीटर तेलात घालायचा, स्वतःच्या तोंडात नाही. एवढं लक्षात ठेवलंस तरी पास."

"तुम्ही तर बोलूच नका. लायसन्सच्या परीक्षेत खांबाला धडक कोणी दिली होती?"

पेपर पुन्हा वर गेला.

आता ही बाटलीताई कोण, तर तेलशुद्धीकरण कारखान्याच्या प्रयोगशाळेत एकोणीस वर्षं बाटल्या धुणारी बाई. खरं नाव हजेरीच्या कागदावर आहे, पण ते वाचून हाक मारली तर ती स्वतःसुद्धा वळून बघायची नाही. टाक्यांमधून डिझेलच्या, रॉकेलच्या बाटल्या यायच्या. ही त्या उतरवून घ्यायची, चिठ्ठ्या लावायची, सॅम्पल तयार करून टेबलावर मांडायची आणि काम झालं की सगळी काच धुऊन लखलखीत करायची. टेबलापाशी उभं राहून टेस्ट करायची ती टेस्टर मंडळींनी. रिपोर्टवर सही त्यांचीच. आणि सही नाही तर तेल नाही. टँकर फाटकाशी तिष्ठत उभा.

पण डोळे काही कुणी बांधून ठेवले नव्हते. ही मागून जाता येता बघायची. एकदा मोठ्या मॅडम, म्हणजे प्रयोगशाळेच्या मुख्य, नवा चष्मा लावून बरणी निरखत होत्या. हिनं मागून फडकं पिळता पिळता सांगितलं, "आला बघा ढग. मगाशीच आला, एक अंश आधी." मॅडमनी डोळे वटारले. पुन्हा टेस्ट केली. एक अंश आधीच होता! तेव्हापासून मॅडम अडल्या की हळूच हाक मारायच्या, "बाटलीताई, जरा इकडे या हो." बघायची ही आणि सही करायच्या त्या. उंटावरून शेळ्या हाकायचं म्हणतात ना, इथे शेळीच उंटाला रस्ता दाखवत होती.

आणि यंदा कंपनीनं नियम काढला. पंधरा वर्षांवर अनुभव असलेल्या मदतनिसांना टेस्टर होता येईल. प्रात्यक्षिक परीक्षा, दोन तास, एकच संधी. नापास झालात तर दुसरी संधी नाही, निवृत्त होईपर्यंत बाटल्याच. अर्ज भरताना बाटलीताईनं दोनदा खाडाखोड केली आणि तोंडानं मात्र चाललं होतं, "त्यात काय एवढं!"

दहाला पाच मिनिटं कमी असताना ती प्रयोगशाळेत उभी. परीक्षक आले. बाहेरचे, उंच, डोक्यावर एक केस नाही, आणि आवाज इतका मऊ की दटावताहेत की विचारपूस करताहेत तेच कळेना. त्यांनी टेबलावर सीलबंद बाटली ठेवली, शेजारी बंद पाकीट.

"या डिझेलचा क्लाउड पॉइंट आम्ही आधीच काढून पाकिटात ठेवलाय. तुमचं उत्तर दोन अंशांच्या आत आलं तर पास. त्याआधी सांगा, क्लाउड पॉइंट म्हणजे काय?"

ताईनं एका दमात व्याख्या सोडली. सूनबाई असती तर टाळ्या वाजवल्या असत्या.

"पाठ छान आहे," परीक्षक म्हणाले. "आता तुमच्या भाषेत. काढायचा कशाला तो? उपयोग काय?"

झालं! नळ सुटला.

"साहेब, आमचे हे पूर्वी ट्रक चालवायचे. एका हिवाळ्यात डोंगरावरच्या रस्त्याला गाडी बंद पडली. टाकी भरलेली, इंजिन धडधाकट, आणि गाडी ढिम्म. का? तर खालच्या गरम गावात भरलेलं डिझेल. डिझेलमध्ये मेण असतं, उबेत ते विरघळलेलं असतं, दिसत नाही. थंडी वाढली की त्याचे बारीक कण धरतात. आधी नुसता धुरकटपणा, तोच ढग. मग ते कण फिल्टरमध्ये जाऊन बसतात आणि इंजिन उपाशी मरतं. म्हणून थंड प्रदेशात पाठवायचं तेल वेगळं, गरम प्रदेशाचं वेगळं, आणि कुठलं कुठे पाठवायचं ते या आकड्यावरून ठरवायचं. आमचे हे अकरा तास गाडीत कुडकुडले आणि घरी येऊन मलाच ओरडले, जसं काही मेण मी घातलं होतं!"

परीक्षकांचं डोकं जरा गुलाबी झालं. हसू दाबलं की टक्कल गुलाबी होतं, हे ताईनं तेवढ्यात टिपून ठेवलं. "करा सुरू," ते म्हणाले.

ताईचा हात असा चालला म्हणून सांगू! सील फोडलं, सपाट बुडाच्या बरणीत खुणेपर्यंत डिझेल ओतलं, बूच बसवलं, बुचातून थर्मामीटर घालून त्याची टोकाची गोळी बरोब्बर तळाला टेकवली. बरणी थंड बाथमध्ये, म्हणजे गार द्रवाच्या भांड्यात. मग प्रत्येक अंशाला वर काढायची, न हलवता बघायची, लगेच आत. तीन सेकंदांच्या वर बाहेर ठेवायची नाही, नाहीतर ऊब लागते. नऊ अंशांना बरणी त्याहून गार बाथमध्ये हलवली. आठ, स्वच्छ. सात, स्वच्छ. मोठ्या मॅडम भिंतीला टेकून उभ्या होत्या, त्यांच्या चेहऱ्यावर पोरगी शर्यतीत धावत असल्यासारखा भाव.

सहा. ताईनं बरणी उचलली. तेल किंचित मंद दिसलं. पाच. अजून मंद. चार अंशाला तर सरळसरळ धुरकट! भिंतीपाशी मॅडमनी भुवया उंचावल्या, मान हलवली, डोळ्यांनी ओरडून सांगितलं, "आला! लिहा!"

ताईनं पेन उचललं.

आणि तिथेच तिच्या मनात काहीतरी अडलं. सुपातल्या खड्यासारखं, बारीक पण नजरेला टोचणारं. तिनं पेन खाली ठेवून तीन अंशाला बरणी पुन्हा काढली. धुरकटपणा वरपासून खालपर्यंत सारखा होता. सगळीकडे. अगं बाई, असं कसं? मेण धरतं ते आधी तळाशी, कारण सगळ्यात गार तळ. खालून एक फिकट पट्टा दिसतो, मग तो वर चढतो. हजारदा पाहिलंय. हे तळाचं नव्हतं, हे सगळ्या अंगभर होतं. अंगभर धुकं कशानं येतं?

पाण्यानं.

आणि मग तिला कळलं. सॅम्पल तिनं कोरडं केलंच नव्हतं! तेलात पाण्याचा अंश असतो, तो काढायला कोरड्या फिल्टर पेपरातून तेल गाळून घ्यायचं, मगच बरणीत. ही पहिली पायरी. एकोणीस वर्षं दर सकाळी ती पायरी तिनंच केली होती. टेस्टर मंडळींच्या टेबलावर सॅम्पल पोचायचं तेच गाळलेलं, स्वच्छ, तयार. त्यामुळे तिच्याच डोक्यात टेस्टची सुरुवात टेबलापासून व्हायची. ती स्वतः करायची ते काम तिच्या हिशेबी टेस्टमध्ये धरलेलंच नव्हतं! आणि मॅडमना? मॅडमनी तर एकोणीस वर्षांत ओलं सॅम्पल पाहिलंच नसावं. म्हणून तर त्या डोळ्यांनी "लिहा" म्हणत होत्या.

घड्याळात दहा पंचावन्न.

चार अंश लिहून मोकळं व्हायचं? कदाचित पाकिटात तेच असेल. की कबूल करायचं आणि पहिल्यापासून सुरू करायचं? वेळ पुरला नाही तर बाटल्याच. सगळं ठरायला तिला तीन सेकंद लागले, बरणी बाहेर ठेवायला परवानगी असते तेवढेच.

"साहेब," ती मोठ्यानं म्हणाली, "माझी चूक झाली. सॅम्पल वाळवलं नाही मी. हे धुकं पाण्याचं आहे, मेणाचं नाही. हे मी रद्द करते. पहिल्यापासून करते."

मॅडमनी कपाळाला हात लावला.

"वेळ वाढवून मिळणार नाही," परीक्षक म्हणाले.

"मागितलाय कोणी?"

टक्कल पुन्हा गुलाबी.

मग बाटलीताईनं जे केलं ते बघायला तिकीट लावायला हवं होतं! सीलबंद बाटलीत अर्धं डिझेल उरलं होतं. तिनं कपाटातून कोरडा कागद काढला, घडी घातली, गाळणीत बसवला आणि तेल ओतलं. आता तेल काही आपल्या घाईनं गळत नाही. थेंब, थेंब, थेंब. "अगं पळ की गं," ती तेलाला म्हणाली. "नको तेव्हा भरभर गळतेस, आज काय नवरीसारखी चालतेस?" अकरा वाजून बारा मिनिटांनी नवी, कोरडी बरणी भरली. तेल असं नितळ की पलीकडे धरलेलं वर्तमानपत्र वाचावं.

दहा. नऊ, गार बाथ. सहा, स्वच्छ. चार, काचेसारखं स्वच्छ! मॅडम भिंत सोडून दोन पावलं पुढे आल्या आणि तोंड उघडं ठेवून बघत राहिल्या. दोन. शून्य. घड्याळ अकरा त्रेचाळीस. उणे एक, काही नाही. उणे दोन, काही नाही. बरणी उचलताना बोट हललं नाही. उणे तीन. ताई वाकली. काही नाही. नक्की काही नाही. अकरा एकावन्न.

उणे चार.

तळाशी, काठाला धरून, केसाइतका एक पांढुरका पट्टा. वरचं तेल तसंच नितळ.

"आला!" बाटलीताई अशी ओरडली की बाहेरच्या ओसरीत कुणाची तरी बादली पडली. "आला आला आला! तळाशी आला! उणे चार!"

घड्याळात अकरा चोपन्न. तिनं कागदावर उणे चार लिहिलं आणि खुर्चीत बसली.

परीक्षकांनी पाकीट फाडलं. "आमचं उत्तर उणे तीन. तुमचं उणे चार. दोन अंशांच्या आत आहे. पास."

मॅडमनी तिला मिठी मारली, चष्मा वाकडा होईपर्यंत. पण ताईची मान मॅडमच्या खांद्यावरून पाकिटाकडेच.

"उणे तीनला काहीच नव्हतं, साहेब. तुमच्या माणसानं बघताना बरणी हलवली असणार. विचारून बघा त्याला."

"विचारतो," परीक्षक म्हणाले, आणि खरोखरच त्यांनी वहीत लिहून घेतलं. मग टेस्टर म्हणून पहिल्यांदाच तिचं पूर्ण नाव रिपोर्टवर लिहायला लावलं. सही झाली. थोडी तिरकी झाली, पण झाली.

सामान आवरताना परीक्षकांना आठवलं. "मॅडम, उद्यापासून ताई टेबलावर टेस्ट करणार. मग सॅम्पल गाळून ठेवायला कोण?"

दारातून डोकावणारे दोन टेस्टर एकमेकांकडे बघायला लागले, मॅडम छताकडे. मग सवयीनं सगळ्यांचे डोळे वळले ते बाटलीताईकडेच.

"माझ्याकडे काय बघताय?" टेस्टरबाई ओढणी झटकत उठल्या. "ज्याचं सॅम्पल त्यानं गाळायचं. कागद तिसऱ्या खणात आहेत. आणि लवकर यायचं बरं का, तेल काही तुमच्या सोयीनं गळत नाही!"