कॉम्प्युटरातली आमची गल्ली

“चालायची कशी?” त्यानं विचारलं, आणि मला सांगता येईना. माझ्या पोटची पोर. भांडायची कशी ते आठवत होतं, भाकरीवर तिखट घेऊन खायची कशी तेही. चाल आठवेना.

मागं बसलेली माझी धाकटी जाऊ म्हणाली, “उजवा पाय जरा बाहेर टाकायची. अन् पळताना परकर दातात धरायची.”

“बरं. लावतो,” तो म्हणाला.

त्या दिवशी मला जाऊचं तोंड बघू वाटेना.

तो आमच्याच गल्लीतला. गाव झोपेत असताना भूकंप झाला, तेव्हा तो शिकायला लातूरला खोली करून होता, म्हणून वाचला. घरचं कुणी उरलं नाही. पुढं लातुरातच डॉक्टरकीच्या क्लासला शिकवायला लागला. आम्ही दोघी जावा त्याच क्लासच्या पोरांचे डबे करायचो, त्यामुळं रोज गाठ पडायची.

संध्याकाळी क्लास सुटला की हाताचा खडू पँटीला पुसायचा आणि कॉम्प्युटर लावायचा. त्यात परदेशातला एक खेळ होता. किल्ले, तलवारी, उडते राक्षस. ते सगळं उपसून त्यानं आमचं गाव घालायला घेतलं होतं, भूकंपाआधीचं. असे खेळ आतून बदलणारे हौशी लोक जगभर आहेत म्हणे. त्याला मॉड म्हणतात. “तुम्ही सांगा, मी लावतो,” हे त्याचं ठरलेलं. चुलीचं तोंड कुणीकडं, कुणाच्या दारात कुत्रं, सगळं विचारायचा.

तुम्ही पाहिलं असतं तर हसला असता. जाऊचा गेलेला नवरा त्यानं कट्ट्यावर बसवला, पण त्याच्या कमरेची तलवार काही निघेना.

“जन्मात विळा धरला न्हाई ह्यांनी, अन् तलवार!” जाऊ म्हणाली.

“निघंना झालीय, काकू. राहू द्या, पाटील दिसायलेत.”

जाऊ तोंडाला पदर लावून हसत सुटली. तिचा नवरा तिच्यापुढं बसला होता. मला ते बघवेना. म्हणून मी पोरीचं नाव काढलं होतं.

आठवड्याभरात पोर तयार झाली. उजवा पाय बाहेर टाकत आमच्या दारातून निघाली, ती थेट जाऊच्या अंगणात जाऊन खेळत बसली. गावात होतो तेव्हा मी दिवसभर रोजानं दुसऱ्याच्या रानात असायचे. पोर जाऊकडंच असायची. खोटं काही नव्हतं त्यात.

“तिला माझ्या घरी आण,” मी म्हणाले.

“लाव की रं बाबा, अक्काकडं लाव,” जाऊ म्हणाली. तिचा हा मोठेपणा मला जास्तच झोंबला.

“आणतो की,” तो म्हणाला. “घरी येऊन काय करायची, तेवढं सांगा.”

मी रानातून यायचे तेव्हा ती पेंगुळलेली असायची. “झोपायची,” मी म्हणाले.

त्यानं माऊसवरचा हात काढून घेतला.

“काकू, माझ्या गावात रात्र न्हाई. झोपलेलं कुणालाच लावलं न्हाई मी. दुसरं काय बी सांगा.”

मला दुसरं काही सांगता आलं नाही.

पुढं त्याला नांदेडच्या एका क्लासनं बोलावलं. गोधडीत गुंडाळलेला कॉम्प्युटर मांडीवर घेऊन टेम्पोत बसला. परत आला नाही. पोर जाऊच्याच अंगणात राहिली.

त्या गल्लीतले तिघं वाचले. तो, जाऊ आणि मी.