आधी अंगठा

सोलापुरात होटगी रोडला महेश्वर हत्तुरेचं लहानसं वर्कशॉप आहे. उजनी धरणाच्या काठच्या गावांत पाण्याच्या मोटारी लांबून चालू-बंद करणाऱ्या पेट्या दिसतात, त्यांतल्या बऱ्याच त्याच्या हातच्या. बोर्ड आणि आतला प्रोग्रॅम तो करायचा आणि गावोगाव जाऊन त्या बसवायचं काम अभिमन्यूचं. मोडनिंबचा अभिमन्यू कॉलेजपासूनचा मित्र, पुढे भागीदार. महेश्वर घुम्या, तर हा केळीच्या बागेत चिखलात उभा राहूनही शेतकऱ्याशी तासभर गप्पा मारणारा. धंदा चालला तो त्याच्या तोंडावर, असं महेश्वर स्वतःच म्हणे.

मग अभिमन्यूच्या हातातून पक्कड निसटायला लागली. स्नायूंना हलवणाऱ्या नसाच मरत जातात, असा तो आजार निघाला. आधी हात गेले, मग पाय, मग जीभ. लग्न त्याने केलं नव्हतं. आई सोजरबाई मोडनिंबच्या घराला कुलूप घालून जुळे सोलापुरातल्या त्याच्या दोन खोल्यांत येऊन राहिली. शेवटी डोळे आणि उजव्या हाताचा अंगठा, एवढंच हलायचं उरलं.

डोळे वर केले की हो, मिटले की नाही. डॉक्टरांनी सांगून ठेवलं होतं, श्वास कमी पडू लागला की गळ्यात नळी घालून यंत्रावर ठेवायचं की नाही, हे त्याच्याकडूनच कळू द्या. सोजरबाई विचारी, "अभ्या, जगायचंय न्हवं तुला?" तो डोळे वर करी. "बगा, नळी घाला म्हंतंय लेकरू." डोळ्यांत हो आणि नाही एवढंच मावत होतं, आणि प्रश्न कायम आईचा असे. त्याला स्वतःचं काही सांगायचं तर शब्दच हवे होते.

म्हणून महेश्वरने एक पेटी केली. अंगठ्याखाली एक हलकं बटण. समोर अक्षरांच्या ओळींवरून दिवा फिरे. हव्या त्या ओळीवर, मग हव्या त्या अक्षरावर बटण दाबायचं, की पेटी ते अक्षर यूएसबीच्या वायरीने लॅपटॉपच्या पडद्यावर पाठवी. सोजरबाईला वाचता येत नव्हतं, म्हणून पेटी बोलायचीही. अख्खी बाराखडी महेश्वरने स्वतःच्या आवाजात भरली होती.

आत एकच छोटी चिप, आणि कामं तीन. लॅपटॉप सारखा विचारत असतो, काही आहे का? त्याला वेळेत उत्तर गेलं नाही, तर पेटी निघून गेली असं समजून तो तिला सोडून देतो. आवाजात खंड पडला तर खरखर होते. आणि तिसरा अंगठा. कुणी कुणाला थांबवायचं, हा क्रम प्रोग्रॅममध्ये आधी ठरवून द्यावा लागतो. सोजरबाईला खरखरीतलं कळेना, म्हणून महेश्वरने आवाजाला पहिला नंबर दिला, यूएसबीला दुसरा आणि अंगठ्याला शेवटचा. माणूस काय, सावकाश दाबतो, असा त्याचा हिशोब. आयुष्यभर त्याने शेतकऱ्यांची बटणं बघितली होती. ते बटण दाबतात ते दार लोटल्यासारखं. तपासतानाही त्याने स्वतःच्या धडधाकट अंगठ्यानेच तपासलं.

सुरुवातीला जमलं. पुढे अक्षरं गळू लागली, मग पडदा कोराच राहू लागला.

"अंगठा गेला गं आई," महेश्वर म्हणाला.

"न्हाय रं. त्याला बोलायचंच न्हाय आता," सोजरबाई म्हणाली. पेटी टेबलाखाली गेली.

महिन्याभराने डॉक्टरांनी पुन्हा विचारलं. आता फार थांबता येणार नव्हतं. महेश्वरने शेवटचं बघू म्हणून पेटी लावली आणि अभिमन्यूचा हात हातात धरून बसला. पेटी "क... च... ट..." म्हणत ओळी सांगत होती. महेश्वरच्या तळव्याला काहीतरी लागलं. पाखराने चोच मारावी एवढंच. पडद्यावर काही नाही. पुन्हा लागलं. पडदा कोरा.

अंगठा जिवंत होता. त्याचा दाब एवढा छोटा होता, की पेटी बोलत असेपर्यंत तो येऊन निघूनही जाई. अभिमन्यू बोलत होता, आणि महेश्वरचाच आवाज त्याला बोलू देत नव्हता.

तिथेच पलंगाशी बसून त्याने क्रम उलटा केला. आधी अंगठा. तो हलला की बाकी सगळं क्षणभर थांबवायचं, "दाबलं" एवढीच नोंद घ्यायची आणि लगेच सोडायचं. मग लॅपटॉपला उत्तर. आवाज शेवटी, पण खरखर होऊ नये म्हणून थोडा थोडा आधीच आणून ठेवलेला.

पहिलं वाक्य यायला बराच वेळ लागला. "कधीपासून दाबतोय येड्या."

महेश्वरला हसू आलं, आणि लगेच तोंड भिंतीकडे फिरवावं लागलं. गेला महिना आता कुठल्याही प्रोग्रॅमने परत येणार नव्हता.

सोजरबाई पुढे सरकली. "अभ्या, नळीचं सांग बाबा."

पेटी म्हणाली, "ज-गा-य-चं-य."

"म्हनलं न्हवतं मी!"

अंगठा थांबला नव्हता. "प-ण न-ळी न-को."

सोजरबाई महेश्वरकडे वळली. "म्हेश्या, ह्यो तुजा आवाज हाय. तूच बोलतुयास ह्ये!"

"आवाज माझा आहे आई. बोलतोय तो."

तिचा विश्वास बसेना. तिने आपला हात लेकाच्या हातावर ठेवला. "परत म्हन."

महेश्वरला वाटलं, वायर उपटावी. त्या अंगठ्यात किती जोर उरलाय, कोण जाणे. पण महेश्वर जागचा हलला नाही. दाब लागे, मग अक्षर येई. दाब, मग अक्षर. "न... को." तिच्या तळव्याखाली ते दर अक्षराला दोनदा लागलं.

तिने हात काढला नाही.

"बरं," ती शेवटी म्हणाली. "डाक्टरला तू सांग म्हेश्या. माज्या तोंडातनं न्हाय निगायचं त्ये."

"सांगतो."

तिच्या हाताखाली अंगठा पुन्हा हलू लागला. दोघंही ऐकू लागले. एकेक अक्षर सावकाश येत राहिलं. "म-ह्या-ला जे-वा-य-ला वा-ढ."

सोजरबाईने पदराने डोळे पुसले आणि भाकरी टाकायला उठली.