दिवाळीनंतरचे फटाके

मैदानावर मी पुढे कमी आणि मागे जास्त बघितलंय. मधल्या फळीत खेळणाऱ्या बाईचं कामच ते. गोल करणाऱ्या मुली पुढे असतात, त्यांचे फोटो छापून येतात. गोल वाचवणाऱ्या मागे असतात, त्यांना निदान शिव्या तरी मिळतात. आम्ही मधल्या. मागून आलेला चेंडू घ्यायचा, पुढे द्यायचा आणि तो पायाशी यायच्या आत दोन्ही खांद्यांवरून बघून घ्यायचं की अंगावर कोण धावून येतंय. आमचे कोच याला चोरी म्हणायचे. "गेंद आने से पहले चोरी कर ले, बेटा," असं ते कडेवरून ओरडायचे. म्हणजे एक नजर चोरून टाक. बाकी कशात नाही, पण या चोरीत मी पटाईत होते.

मी दिल्लीत, लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये वाढले. क्वार्टर आईच्या नावावर होतं, ती एका मंत्रालयात कामाला होती. बाबा फरीदाबादच्या कारखान्यात. कॉलनीच्या बागेत मुलं फुटबॉल खेळायची त्यांच्यात घुसून मी खेळ शिकले आणि पुढे तोच पोटापाण्याचा झाला. आईला तो कधीच कळला नाही. एकदा हौसेनं मॅच बघायला आली आणि मध्यंतरात मला म्हणाली, "तू तर एकदाही गोल मारला नाहीस. मग तुला घेतात कशाला?" मी इतकी भडकले की परत तिला बोलावलंच नाही. तिनंही विचारलं नाही.

मी बोलतेय त्या वर्षी आमचा क्लब पहिल्यांदाच देशपातळीच्या लीगमध्ये उतरणार होता. तोवर मी क्लबच्या दुसऱ्या संघात मुरलेलं लोणचं होऊन बसले होते. मुख्य संघात मध्यभागी एकच जागा रिकामी होती, आणि दिवाळीनंतरच्या निवड सामन्यात ती भरायची होती. माझी सत्ताविशी उलटलेली. माझ्यासमोर हरियाणाची एक एकोणीस वर्षांची मुलगी होती, जिचे पाय थकणं म्हणजे काय ते जाणतच नव्हते. ही जागा गेली असती तर मला पुन्हा कुणी विचारलं नसतं. हे मला माहीत होतं, कोचना माहीत होतं आणि त्या मुलीलाही माहीत होतं.

दिवाळीच्या आधी सरावात त्याच मुलीनं हाणलेला चेंडू अगदी जवळून माझ्या उजव्या डोळ्यावर बसला. मुद्दाम नव्हे. बिचारी माझ्यापेक्षा जास्त रडली. फिजिओनं बर्फ लावला, बोटं मोजायला लावली, मी बरोबर मोजली. सूज उतरली, निळा डाग पिवळा झाला आणि विषय संपला.

मग ते फटाके सुरू झाले. उजव्या डोळ्याच्या अगदी कडेला काहीतरी चमकायचं. मी वळून बघायचे तर काहीच नाही. दिवाळी तोंडावर आलेली, कॉलनीतली पोरं दिवसाढवळ्या फुलबाज्या पेटवत होती, त्यामुळे मला वाटायचं कुणीतरी अनार, म्हणजे आपला भुईनळा, लावला असेल. आईलासुद्धा मी एकदा म्हटलं, "बघ कसे बाल्कनीजवळ लावतायत." ती म्हणाली, "कुठे? कुणीच नाहीये." आम्ही दोघी हसलो.

दिवाळी संपली. माझे फटाके संपले नाहीत.

पुढचं समजायला दिल्लीचा नोव्हेंबर माहीत असायला हवा. फटाक्यांचा धूर, शेतांतला धूर, गाड्यांचा धूर असं सगळं खाली येऊन बसतं. आमच्या मैदानावरून समोरचा गोल दिसेनासा झाला होता. सगळ्या मुलींचे डोळे लाल. कुणी गुलाबपाणी घालायची, कुणी केमिस्टकडचे थेंब, एक जण तर मेट्रोत काकडीच्या चकत्या डोळ्यांवर ठेवून झोपायची. अशात माझ्या डोळ्यापुढे काळे ठिपके आणि धागे तरंगायला लागले तर मी कुणाला सांगणार? सांगितलंही. फिजिओ म्हणाला, "यार, सबका यही हाल है. पानी से धो ले." अख्खं शहर डोळे चोळत असताना एका बाईच्या डोळ्यात खरंच काही बिघडलंय हे कुणाला कळणार? मला स्वतःला कळलं नाही. किंवा कळायला मला सवड नव्हती.

मग एका सकाळी तोंड धुताना आरशात बघितलं, तर उजव्या बाजूला खाली एक सावली होती. मी पापण्या मिटल्या, उघडल्या. सावली तिथेच. डावा डोळा झाकला की ती नीट दिसायची, तपकिरी, काठाला जरा थरथरणारी. दुसऱ्या दिवशी ती थोडी वर आली होती.  मी चेहरा पुसला, बूट उचलले आणि सरावाला गेले. निवड सामना त्याच आठवड्यात होता. डॉक्टर म्हणजे रजा, आणि रजा म्हणजे त्या पोरीला ताटात वाढून जागा देणं.

मी युक्त्या शोधल्या. उजवीकडून कोण येतंय ते दिसत नाही ना, मग मान आणखी वळवायची. एकदा बघायचं तिथे तीनदा बघायचं. चेंडू घेताना सगळं अंगच उजवीकडे फिरवून उभं राहायचं. पायांचे आवाज ऐकायचे. आणि गंमत अशी, गंमतच म्हणायची, की माझा खेळ सुधारला. कोचनी सराव थांबवला, सगळ्यांना गोल उभं केलं आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "इसको देखो. इस उम्र में भी गर्दन घूमती रहती है. मिडफील्डर ऐसे बनते हैं." मुलींनी टाळ्या वाजवल्या. मी हसले. त्यांना वाटत होतं मी बघतेय. मी शोधत होते.

निवड सामन्याच्या दिवशी धूर इतका की रेफ्रीनं सामना उशिरा सुरू केला. सावली आता डोळ्याच्या अर्ध्यावर आली होती. उजवीकडे वरचं जग शाबूत होतं आणि खालचं पाण्यात बुडाल्यासारखं. मला आठवतंय, मी घाबरलेली नव्हते. मी रागावलेली होते, सगळ्यांवर, धुरावर, डोळ्यावर. त्या रागात मी आयुष्यात खेळले नव्हते तशी खेळले. हरियाणाची पोर माझ्या सावलीतल्या बाजूनं दोनदा आली आणि दोन्ही वेळा मला तिचा श्वास आधी ऐकू आला. शेवटी शेवटी उजवीकडून, उंचावरून एक चेंडू माझ्याकडे आला. तो मला धुरात दिसला, खाली येताना दिसला, आणि मग छातीच्या उंचीवर एकदम नाहीसा झाला. कुणी गिळून टाकावा तसा. मी नुसत्या सवयीनं छाती पुढे केली. चेंडू लागला, पायाशी पडला, मी तो पुढे सरकवला आणि गोल झाला. सगळ्या जणी माझ्या अंगावर येऊन पडल्या. कोण कोण होत्या ते मला दिसलं नाही.

घरी आले. आईनं उरलेल्या चकल्यांची ताटली माझ्या उजव्या हाताशी धरली. मी समोर बघत बसले होते. "घे ना गं," ती म्हणाली. मी हात पुढे केला तो ताटलीच्या भलत्याच बाजूला. आई ताटली घेऊन डाव्या बाजूला आली, मग पुन्हा उजवीकडे गेली, आणि माझ्या चेहऱ्याकडे बघत राहिली.

"कधीपासून?" तिनं विचारलं.

ज्या बाईला माझा खेळ कळत नव्हता तिला हे एका ताटलीत कळलं. तिनं चप्पल घातली, मला दंडाला धरलं आणि रिक्षात घालून सरकारी रुग्णालयात नेलं. तिथल्या तरुण डॉक्टरीणबाईंनी डोळ्यात उजेड मारून तपासलं. डोळ्याच्या आतला पडदा फाटून सुटला होता, चेंडूच्या त्या तडाख्यानंच. चमकत होतं तेव्हा यायला हवं होतं, त्या म्हणाल्या. आता मधला भागही उखडला आहे.

ऑपरेशन झालं. डोळ्यात हवेसारखा काहीतरी वायू भरला होता आणि तो जागेवर राहावा म्हणून मला पालथं झोपून राहायचं होतं, तोंड उशीत. क्लबला मी आईकरवी तापाचं कारण कळवलं होतं. तपासणीनंतर एका सकाळी डॉक्टरीणबाई आमच्या दोघींसमोर म्हणाल्या, "रोशनी दिखेगी, शायद सामने हिलता हाथ भी. लेकिन फुटबॉल अब बिल्कुल नहीं. अब दूसरी आँख बचानी है." आईनं हात जोडले हे मला तिच्या बांगड्यांवरून कळलं. मी उशीत रडले. पालथं रडायला फार त्रास होतो.

त्याच दुपारी कोचचा फोन आला. आईनं उचलला. आवाज एवढा मोठा की मला शब्दन् शब्द ऐकू येत होता. जागा मला मिळाली होती. पुढच्या आठवड्यात कॅम्प, संध्याकाळी नावं वर कळवायची होती, बुखार उतरेल ना तोवर? मी वाट बघत होते की आई आता सांगेल. 

"जी, बिल्कुल," आई म्हणाली. "उतर जाएगा. आप उसका नाम लिखिए."

तिनं फोन माझ्या उशाशी ठेवला.

"आई, खोटं का बोललीस?"

"संघात आहेस ना तू? मग आजचा दिवस तरी संघात राहा," ती म्हणाली आणि माझी पाठ चोळायला लागली.

दुसऱ्या दिवशी ऑफिसला जायच्या आधी तिनंच कोचना फोन लावला आणि काय झालंय ते सांगितलं.