तेवीस चेहरे आणि एक जळलेली वही

बाळांनो, माझ्या वडिलांच्या फिल्मचं रीळ तुम्ही तिकडे व्हिडिओ कॅसेटवर उतरवून घेतलंत आणि पत्रात एकच प्रश्न विचारलात, ही माणसं कोण? मला आता वाचायला भिंग लागतं, म्हणून उत्तर लांबवत नाही.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात वडील इंग्रज सरकारसाठी माहितीपट काढायचे. साताऱ्याच्या गावांतून पलटणीत गेलेले जवान, त्यांची घरं, असले. एकदा उरलेल्या फिल्मवर त्यांनी कोरेगावकडच्या एका मळ्यात भूमिगतांची बैठक टिपली. मी सोळा वर्षांची, इंग्रजी शाळेतली. दृश्यांची नोंदवही माझ्याकडे असे: क्रमांक, ठिकाण आणि डावीकडून उजवीकडे प्रत्येकाचं नाव, गाव. सरकारी कामात तशी नोंद द्यावी लागे. या बैठकीचीही मी तशीच केली. वडिलांनी वही पाहिली आणि नेहमीसारखी खाली सही केली. ही यादी पोलिसांच्या हाती लागली तर काय होईल, हे दोघांच्याही लक्षात आलं नाही.

मग कुणीतरी चुगली केली. दारात दोन पोलीस येऊन बसले. अकरा दिवस वडिलांना उंबरा ओलांडता आला नाही. आई पाण्याला निघाली तरी एक जण मागे जायचा. रीळ ज्वारीच्या कणगीत होतं, वही माझ्या दप्तरात. वही सापडली असती तर तेवीस घरांवर पोलीस गेले असते. वडील माजघरात फेऱ्या घालत. वहीचा विषय मात्र काढत नसत. मी नावं पाठ करू लागले.

बाराव्या दिवशी सकाळी बाहेर गाडी थांबली. आई भाकऱ्या थापत होती. मी वही चुलीपाशी नेली.

"पुठ्ठा काढ आधी," आई म्हणाली. "धूर होईल."

झडतीत काही मिळालं नाही. पहारा उठला. मी मात्र त्या यादीतून बाहेर पडले नाही. रोज नावं म्हणायची आणि महिन्या-दोन महिन्यांनी एखादं निसटायचं.

स्वातंत्र्य आल्यावर वडिलांनी सरकारी काम सोडलं. रिळातल्या चेहऱ्यांचे फोटो काढून आम्ही गावोगाव विचारत फिरू लागलो. एकाच माणसावर तीन गावं हक्क सांगत; दुसऱ्या कुणाला कुणीच ओळखत नसे. माण तालुक्यात मेंढरं राखणाऱ्या एका बाईनं एक फोटो हातातून सोडलाच नाही. तिचा मुलगा त्या धामधुमीत गेला होता, तो परतला नव्हता.

"ह्योच हाय माजा. आवं, लिवा की."

वडिलांनी माझ्याकडे पाहिलं. मला तो माणूस कोरेगावचा वाटत होता. पण वही कुठे होती? मी तिच्या मुलाचं नाव लिहिलं.

वडील पुढे आयुष्यभर तेच काम करत राहिले आणि मी त्यांच्याबरोबर.

रीळ नऊ मिनिटांचं आहे. नऊच नावांची मला खात्री आहे. ती सोबतच्या कागदावर लिहिली आहेत. दहावं त्या बाईनं दिलेलं. उरलेल्या तेरा जागा कोऱ्या आहेत.