वारस आम्ही दोघेच, असं लिहून दिलं होतं

मंडळी, जव्हारच्या कोर्टातून आत्ताच मोखाड्याला परतलो. आजही नुसती पुढची तारीख. सत्तरीत हे हेलपाटे सोसत नाहीत.

वडील गेल्यावर वारसनोंदीत आम्हा दोघा भावांचीच नावं दिली आणि सामाईक जमीन विकली. बहीण यमुना सासरी सुखात आहे, तिला कशाला विचारायचं, असं वाटलं. तिने दावा लावला.

परतीच्या जीपमध्ये ती नेमकी माझ्याच शेजारी कोंबली गेली. थोड्या वेळाने तिने नाचणीची भाकरी पुढे केली. "खा दादा. कागदावर बहीण नाही तुला, पण भूक तर लागली असंल."

"जमीन हवी होती तर सांगायचंस ना, यमे."

"सही मागायला आला असतास तर चहा पाजून दिली असती. तू तर मला जन्मालाच नाही घातलंस."

लहानपणी तिला शाळेत घातलं नव्हतं. शाळेतली प्रत्येक कविता मी घरी येऊन तिला म्हणून दाखवायचो. ती डोळे मिटून ऐकायची.

पुढच्या तारखेला खरं सांगणार आहे. व्यवहार अडकेल, भाऊ माझं तोंड बघणार नाही.

तुमच्या सातबाऱ्यावर बहिणीचं नाव आहे ना? एकदा बघून घ्या.