तेरणामाईच्या गाण्यात मी पाडलेली फट

"आक्का, वय झालं की ताल सुटतोच. मनाला लावून घेऊ नका," असं मी कौसाआक्कांना सगळ्या बायकांसमोर म्हणालो. चूक माझी होती. ती त्यांच्या वयावर ढकलून मी मोकळा झालो.

धाराशिवात माझा छोटा रेकॉर्डिंग स्टुडिओ आहे. लग्नाची गाणी, प्रचाराच्या जिंगल, देवीच्या आरत्या, येईल ते काम करतो. तेर गावच्या भजनी मंडळाच्या बायका तेरणामाईचं गाणं रेकॉर्ड करायला आल्या होत्या. तेरणा नदीला पाणी चढलं की त्या तिची ओटी भरतात. खण-नारळ वाहतात, द्रोणात दिवा सोडतात आणि गातात. यंदा उत्सव समितीनं काठावर स्पीकर लावायचं ठरवलं होतं, म्हणजे नव्या पोरींना रेकॉर्डिंगबरोबर म्हणता येईल. पहिली ओळ मात्र कायम कौसाआक्कांची.

तेरणामाई गं, तुझं पाणी माझ्या दारी,
तुझ्या काठाला पिकली माझ्या बापाची जवारी.

बायका दोन गटांत गातात. मी दोन्ही गटांना वेगळे माइक दिले. एडिटिंगला बसल्यावर दिसलं, की पहिल्या गटाची ओळ संपायच्या आतच दुसरा गट सुरू होतो. आवाज असे एकमेकांवर चढले की आम्ही त्याला ओव्हरलॅप म्हणतो. मला ती घाई वाटली. मी प्रत्येक ओळीचं शेपूट कापलं, मध्ये थोडी जागा ठेवली आणि तिथं बासरी भरली. कुणाला विचारलं नाही.

मग त्या ट्रॅकवर बायकांची तालीम घेतली. आक्का दर वेळी बासरीच्या आधीच सुरू व्हायच्या.

"आक्का, येष्टी सुटायलीय का तुमची?" एक बाई म्हणाली. सगळ्या हसल्या. आक्का ओशाळल्या. तेव्हाच मी ते वयाचं वाक्य बोललो.

"व्हय बाबा," त्या म्हणाल्या. "आता सुनंदानंच पुढं म्हणावं. म्या मागं टाळ धरते."

सुनंदा त्यांची सून. काम वेळेत उरकलं म्हणून मला बरंच वाटलं.

काही दिवसांनी सुनंदाचा फोन आला. "सर, आत्याबाईंचा आवाज तेवढा पाठवता का? बासरी नको. मला त्यांच्यासारखं म्हणायला शिकायचंय. त्या आता घरात गुणगुणत बी न्हाईत."

मी रॉ फाइल उघडली. रॉ म्हणजे कात्री न लागलेली. पहिल्यांदाच ती सलग ऐकली. सुरुवातीपासून शेवटपर्यंत आवाज कुठंही थांबत नव्हता. मी सुनंदाला फोन करून विचारलं, ओळी अशा एकमेकींवर का चढतात?

"दिवा नजरंआड होईस्तोवर आवाज तुटू द्यायचा न्हाय, सर. माईला मुकं वाटंला लावत न्हाईत. एकीचा दम सरायच्या आधी दुसरीनं धरायचं."

मी फोन ठेवला. सुनंदाला आक्कांचा आवाज पाठवून दिला.

समितीच्या बालाजीरावांना कळवलं, ट्रॅक चुकलाय, बदलून देतो.

"सर, बासरी लई झकास जमलीय. सगळ्यांच्या मोबाइलवर गेलीय. आता कशाला उकरता?"

"जिथं बासरी आहे, तिथं आक्कांचा आवाज होता. मी कापलाय."

"कुणाला कळतंय?"

"आक्कांना."

ते म्हणाले, "करा बाबा. पण ओटीच्या आधी द्या."

आजवर केलेल्या सगळ्या कामांपेक्षा हे मिक्सिंग मला जास्त प्यारं आहे. बासरी काढली, कापलेली शेपटं परत जोडली. एक गट डाव्या स्पीकरला ठेवला, दुसरा उजव्या. आवाज या काठावरून त्या काठावर जातो, पण खाली पडत नाही. मध्ये एकीला खोकला आला आहे. तोही ठेवला. दुरुस्त करण्याआधी बिघडलंय का, हे विचारावं. आमच्या धंद्यात विचारणं फुकट असतं, म्हणूनच बहुधा कुणी विचारत नाही.

ओटीच्या दिवशी तेरणा भरून चालली होती. सुनंदा पुढं माइकजवळ उभी होती, आक्का मागं टाळ घेऊन. दिवा पाण्यावर सोडला आणि मी ट्रॅक लावला. सुनंदाची ओळ संपत आली, तोच मागून आक्कांचा आवाज उठला. नेमका, जिथं उठायला हवा तिथंच. सुनंदानं वळून पाहिलं आणि न थांबता, गातगातच बाजूला सरकून त्यांना पुढं घेतलं. दिवा वळणाआड गेला तोवर त्या काठावर क्षणभरही शांतता नव्हती. माझ्या स्पीकरमधून इतकं चांगलं काही कधी वाजलं नव्हतं.

आक्कांनी पदरानं तोंड पुसलं. माझ्याकडं बघून म्हणाल्या, "आज ताल कसा जमला रं बाबा?"

बायका उभ्याच होत्या. बालाजीरावही होते. मी माइक बंद केला नाही.

"आक्का, तुम्ही कधी चुकलाच नव्हता. गाणं मी कापलं होतं आणि नाव तुमच्या वयाचं घेतलं. तेव्हा सगळ्यांदेखत बोललो, म्हणून आज सगळ्यांदेखत सांगतो. मला माफ करा."