लुडोचं निर्लेखन

आई हयात आहे हे सिद्ध करायला आमच्या घरात चारशे एमबी जागा कमी पडत होती.

खुलासा करतो. बाबा मागच्या दिवाळीनंतर गेले. उंद्रीच्या शाळेत मास्तर होते, निवृत्तीनंतर खामगावात माझ्याकडे राहायचे. त्यांच्या मागं आईला पेन्शन सुरू झाली, आणि पेन्शन घेणाऱ्या माणसानं दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायचा असतो. तो आता मोबाइलवर देता येतो. एक अ‍ॅप उतरवून घ्यायचं, आईच्या चेहऱ्यासमोर फोन धरायचा, तिनं पापण्या मिटून उघडायच्या, की सरकारला पटतं, बाई जिवंत आहे! (मेलेली माणसं पापण्या मिटून पुन्हा उघडत नाहीत. या तर्कात मला एकही खोट सापडली नाही.)

फोन बाबांचाच, त्यांच्यानंतर आई वापरते. मी अ‍ॅप उतरवायला गेलो तर फोन म्हणाला, जागा नाही. कशी असेल? निवृत्तीनंतर बाबांना ज्या ज्या गेमची जाहिरात दिसली, तो तो गेम त्यांनी घेतला होता. गोळ्या-चॉकलेटं फोडायचा गेम, फुगे फोडायचा गेम, घाटातून बस चालवायचा गेम. मासे पकडायचासुद्धा होता, खामगावात! बस चालवताना बाबा पलंगावर बसल्या बसल्या वळणाच्या दिशेनं कलायचे, आणि शेजारी बसलेली आई त्यांना सरळ करायची.

आता माझा धंदा सांगितला पाहिजे, कारण घात त्यानंच केला. मी ग्रंथपाल आहे. ग्रंथालयात जुनी, न वाचली जाणारी पुस्तकं दप्तरातून काढून टाकतात, त्याला निर्लेखन म्हणतात. तेवीस वर्षं मी हे काम करतो आहे आणि त्यात माझे दोन नियम आहेत. पहिला, जे पुस्तक कुणी नेताना दिसलं नाही, ते काढायचं. दुसरा, काढायचं पुस्तक उघडून बघायचं नाही. उघडलं की माणूस वाचत बसतो, आणि पुस्तक पुन्हा कपाटात जातं.

सोमवारी ग्रंथालयाला सुट्टी. सकाळीच मी कागदावर रकाने आखले : अनुक्रमांक, नाव, स्थिती, शेरा. हो, फोनमधल्या गेमसाठी! बायको रेखा शेजारी पोहे ठेवून गेली, जाताना कागदाकडे पाहून म्हणाली, "पंचनामा करून राह्यले का?" मी मान वर केली नाही. अशा कामात एकाग्रता लागते.

क्रमांक एक, फुगे. शेरा : उपयुक्तता संपली. काढला. क्रमांक चार, बस. इथं अंगठा अडला. पण नियम दुसरा! मी उघडला नाही, डोळे मिटले आणि दाबलं. क्रमांक सात, लुडो. शेरा : बालवाचकांसाठी, मागणी आढळली नाही. काढला!

दहा मिनिटांत फोन मोकळा झाला. सांगायला लाज वाटते, पण मला फार हलकं वाटलं. वर्षभर बाबांच्या कपाटाला हात लावायची माझी छाती झाली नव्हती, आणि इथं मी एका बैठकीत आठ वस्तू हातावेगळ्या केल्या होत्या! रेखाला म्हटलंसुद्धा, "बघ, मन घट्ट केलं की होतं सगळं."

चार वाजता घट्ट मनाची परीक्षा झाली. आई रोज चारला फोन घेऊन शेजारच्या ओट्यावर शेंगा निवडायला जायची, असं मला वाटायचं. त्या दिवशी ती गेली आणि लगेच उलट्या पावली परत आली.

"मिलिंद, माहा लुडो कुठी हाये?"

"काढला. फालतू जागा खात होता."

"काढला म्हंजे?"

"म्हणजे निर्लेखित केला."

"मराठीत सांग!"

"पुसला, आई. गेला."

आई ओसरीवर बसली. शेंगांचं सूप कलंडलं. आणि मग ती जे बोलली, त्यानं माझ्या हातातला चहा लेंग्यावर सांडला.

"आता सुमनबाई काय म्हणीन?"

सुमनबाई! सुमनबाई म्हणजे माझी आत्या, बाबांची धाकटी बहीण, नांदुऱ्याला असते. आई आणि आत्या नऊ वर्षं एकमेकींशी एक अक्षर बोललेल्या नव्हत्या. कारण मूगवड्या. आत्यानं एका उन्हाळ्यात आमच्या गच्चीवर मूगवड्या वाळत घातल्या, जिन्याचं दार उघडं राहिलं, शेळी वर गेली आणि पाच किलोच्या वड्या खाऊन खाली आली. दार मुद्दाम उघडं ठेवलं, असं आत्याचं म्हणणं. वड्याच बेचव होत्या, शेळीनं उपकार केले, असं आईचं. बाबा गेले तेव्हा दोघी गळ्यात पडून रडल्या. पण रडणं वेगळं, बोलणं वेगळं! तिसऱ्या दिवसानंतर पुन्हा पूर्ववत.

"आत्याचा इथं काय संबंध?" मी विचारलं.

आई सांडलेल्या शेंगा सुपात भरायला लागली. उत्तर स्वयंपाकघरातून आलं.

"रोज चारले खेळतात त्या दोघी," रेखा म्हणाली. "बाबा खेळत होते आत्याबाईसंग. बाबा गेल्यावर एक दिवस आत्याबाईचं बोलावणं आलं फोनवर, आईनं दाबून देल्लं. तवापासून बाबांच्याच नावानं खेळतात."

"आणि तुला हे माहीत होतं?"

"सगळ्या ओट्याले माहीत हाये."

"मग सकाळी बोलली का नाहीस?"

"तुमी पंचनामा करत होते. मधात कसं बोलू?"

मी घाईनं लुडो पुन्हा उतरवून घेतला. लुडो आला, पण कोरा! बाबांनी तो पाहुणा म्हणून उघडलेला होता, ना नंबर जोडलेला, ना पत्ता. बाबांचं नाव नाही, फोटो नाही, यादीत आत्या नाही. समोर फक्त एक रिकामा गोल आणि त्याखाली प्रश्न : तुमचं नाव काय?

आईनं तो रिकामा गोल पाहिला आणि फोन माझ्या मांडीवर ठेवला. हळूच. आपटला असता तर बरं झालं असतं. मला तेव्हा कळलं की आईची हयाती सिद्ध करायच्या नादात मी बाबांना दुसऱ्यांदा घालवलं होतं, आणि या वेळी तर डॉक्टरलाही दोष देता येत नव्हता.

"आई, आत्याला फोन कर. सांग, चुकून झालं."

"म्या करू? नऊ वर्सं नाही केला तं आता करू? तिले वाटीन म्याच मुद्दाम बंद केलं. पह्यलेच म्हनते, हिनं दार मुद्दाम उघडं ठेवलं!"

मग मी केला. आत्यानं कापला. पुन्हा केला. पुन्हा कापला. तेव्हा मी अर्धा तास विचार करून संदेश लिहिला : "सप्रेम जय भीम. फोनमधील जागेअभावी सदर खेळ आज सकाळी काढून टाकण्यात आला आहे. तरी गैरसमज नसावा." पाठवल्यावर रेखानं वाचला आणि कपाळाला हात लावला. "अवो, ग्रंथालयाची नोटीस हाये का हे? उद्या आत्याबाई पुस्तकं वापस करायले येतीन!"

आत्याचं उत्तर आलं. फक्त जोडलेले दोन हात. आमच्या घराण्यात आत्यानं नुसते हात जोडले की लग्नं मोडलेली आहेत.

रात्री आई जेवली, पण वाढणाऱ्या रेखाशीच बोलली. सकाळी मी ग्रंथालयातून रजा घेतली आणि विचार केला, निदान दाखला तरी उरकू, ज्याच्यासाठी हे सगळं झालं! आईला खुर्चीत बसवलं, भिंतीवरच्या बाबांच्या फोटोखाली उजेड चांगला म्हणून तिथंच. फोन तिच्यासमोर धरला. फोन म्हणाला, पापण्या मिटा आणि उघडा.

आई टक लावून बघत राहिली.

"आई, पापण्या मिट."

"काऊन मिटू? डोये मिटून कामं करायची सवय तुले हाये."

फोन म्हणाला, पुन्हा प्रयत्न करा. मी पुन्हा धरला. आई तशीच, दगडासारखी! मी स्वतः पापण्या उघडझाप करून दाखवल्या. फुंकर मारून पाहिली. रेखा दारात पदर तोंडाशी धरून हसत होती. सहावा प्रयत्न फसला. सरकारच्या लेखी आईची अवस्था नाजूक होत चालली होती.

आणि तेवढ्यात दारात आवाज आला, "जय भीम."

आत्या! हातात पिशवी, कपाळावर घाम, पहिल्या एसटीनं नांदुऱ्याहून आलेली! मी तसाच फोन धरून उभा, आई तशीच खुर्चीत. आत्या आईकडे न बघता समोरच्या पलंगावर बसली आणि माझ्याशी बोलू लागली. म्हणजे आमच्याकडे भांडण असलं की असंच बोलतात. माणूस समोर बसलेला असतो, पण निरोप तिसऱ्याच्या हाती द्यायचा. बाबा होते तोवर ही टपालकी त्यांनीच केली होती.

"मिलिंद, तुह्या मायले सांग, खेळायचं नसन तं तोंडानं सांगाव. गेम पुसायची काय गरज होती?"

"आत्या, ते मी..."

"मिलिंद," आई म्हणाली, "तुह्या आत्याले सांग, म्या पुसला नाही. माह्या पोटी हुशार पोरगं जलमलं, त्यानं पुसला."

"तिले सांग, पोरगं तिचंच हाये."

"तिले सांग, भाचा तिचाबी हाये!"

मी मान इकडून तिकडे वळवत होतो, आणि हातात फोन आईसमोर धरलेलाच होता. (त्यांना मध्यस्थ लागतो, मध्यस्थाला तोंड लागत नाही, हे मला त्या दिवशी समजलं.)

"आनखी एक सांग तिले," आत्या म्हणाली. "भाऊच्या नावानं हेच खेळते, हे मले पह्यल्याच दिवशी समजलं होतं."

"इचार तिले, कशावरून?"

"भाऊनं उभ्या जन्मात माही गोटी मारली नाही! सहा पडले तरी दुसरी चालवे. अन् हिनं पह्यल्याच दिवशी, घराच्या तोंडाशी आलेली माही गोटी मारली! शेळी सोडली होती तसंच!"

मला वाटलं, झालं, आता वड्या निघाल्या, आता संध्याकाळपर्यंत सुटका नाही. पण आई शेळीवर काहीच बोलली नाही. तिनं माझ्याकडं बघायचं सोडून नऊ वर्षांत पहिल्यांदा सरळ आत्याकडं पाहिलं.

"मंग समजलं होतं, तं तुमी रोज काऊन खेळत होत्या बाई?"

आत्यानं पिशवीचे बंद उगाच गुंडाळले, पुन्हा सोडले.

"नाव तं भाऊचंच येत होतं ना, वैनी," ती म्हणाली. "चार वाजले की भाऊचं नाव येये फोनवर. बाकी कोनी का खेळंना."

आत्यानं पदर डोळ्यांना लावला. आईचे डोळे भरले, तिनं पापण्या मिटल्या, उघडल्या, पुन्हा मिटल्या. आणि माझ्या हातातला फोन टुणकन वाजून म्हणाला : अभिनंदन! आपला दाखला सादर झाला आहे!

मी ओरडलो, "झालं! झालं! आई, तू जिवंत आहेस!"

दोघी रडता रडता थांबल्या. आत्यानं मला एकदा वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि आईला म्हणाली, "वैनी, हे असंच हाये का घरी बी?"

"रोज," आई म्हणाली.

दुपारी चारला दोघी एकाच पलंगावर दोन फोन घेऊन बसल्या. शेजारी बसून ऑनलाइन! मी सुचवलं की एवढ्या जवळ बसायचं तर कागदी पट आणून देतो. दोघींनी माझ्याकडं असं पाहिलं की मी गुमान लुडो उघडून दिला. पुन्हा तोच रिकामा गोल : तुमचं नाव काय? मी बाबांचं नाव लिहायला लागलो, तेव्हा आत्यानं माझा हात धरला.

"राहू दे. लय खेळला तो. आता आराम करू दे भाऊले."

"मंग कोनाचं टाकायचं?" आईनं विचारलं. "माहं नको. माह्या नावानं मले खेळता नाही येनार, हारली तं माहंच नाव जाईन."

दोघी क्षणभर विचारात पडल्या, आणि मग दोघींनी एकदमच माझ्याकडं बघितलं.

आत्या दुसऱ्या दिवशी नांदुऱ्याला गेली. आता रोज चारला तिच्या फोनवर माझं नाव येतं, चष्म्यातल्या फोटोसकट, आणि खेळता खेळता दोघी फोनचा स्पीकर लावून बोलतात. आत्या मला दयामाया न दाखवता मारते. आई जिंकली की संध्याकाळी मी चपला काढतो न काढतो तोच सांगते, "आज म्या हरवलं सुमनबाईले!" आणि हरली की म्हणते, "आज तू हारला बे." मी मुकाट्यानं हातपाय धुतो. घरात हरण्याची सगळी जबाबदारी आता माझ्याकडे आहे, आणि एकही गोटी न हलवता मी ती चोख पार पाडतो!